घरातली हवा आणि धुराड्याचा ओढा



या पानावर आम्ही नेहमी लागण, खोडवा, बेणे, पाचट आणि ठिबक यांविषयी लिहितो. या खेपेला विषय घरातल्या हवेचा आहे. शेतकी खात्याच्या माणसाने हवा-पाण्यावर लिहावे, पण ते रानातल्या, घरातल्या नव्हे, असे कोणी म्हणेल. म्हणू द्या. गेल्या जानेवारीत आमच्या डोळ्यांदेखत जे घडले ते पाहिल्यावर गप्प बसणे आम्हांला जमले नाही. शिवाय ऊस बिलाच्या पैशातून आपल्या गटात जी नवी घरे उभी राहत आहेत, त्यांतली निम्मी तरी आम्ही आतून पाहिली आहेत. नोंदीला गेलो की चहाला आत बोलावणे असतेच.

आमची भाची विरारला असते. पश्चिमेला, चौथ्या मजल्यावर. राहायला येऊन दोन महिने झाले होते, पण वास्तुशांत राहिली होती. गळीत ऐन भरात असताना दोन दिवसांची रजा मिळणे किती अवघड असते ते सभासदांना ठाऊक आहे, तरी बहिणीचा शब्द मोडवेना म्हणून गेलो.

पहिल्या दिवशी होम झाला. तुपाचा आणि समिधांचा धूर इतका, की भटजींसह सगळ्यांचे डोळे चुरचुरू लागले. मग कोणीतरी गॅलरीची सरकती काच ओढली, कोणी बेडरूमची खिडकी उघडली आणि पाच मिनिटांत घर निवळले. संध्याकाळी पुन्हा सगळे बंद. शेजारी दुसऱ्या इमारतीचे काम चालू असल्याने सिमेंटची धूळ येत होती, अंधार पडला की डास. तेव्हा काचा लावून घेण्यात त्या लोकांची चूक होती असे आम्ही म्हणणार नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी घरात पाहुणे अकरा. आंघोळींची रांग लागलेली. न्हाणीघरात गॅसचा गिझर होता. त्याचा पत्र्याचा पाइप वरच्या काचेच्या पट्ट्यांच्या झरोक्यातून बाहेर काढलेला होता आणि कबुतरे आत येतात म्हणून उरलेल्या पट्ट्या चिकटपट्टीने बंद केल्या होत्या. स्वयंपाकघरात पुऱ्यांचा घाणा चालू होता. तेलाचा वास घरभर होऊ नये म्हणून भिंतीतला धूर ओढणारा पंखा पूर्ण वेगात. दोन आंघोळी झाल्या. तिसऱ्या खेपेला विहीणबाई आत गेल्या. आठ-दहा मिनिटांनी आतून बादली पडल्याचा आवाज आला. भाचीने हाका मारल्या, ओ नाही.

जावईबापूंनी खांद्याने दार तोडले. विहीणबाई फरशीवर पडलेल्या, गिझर चालूच. कोणी म्हणाले फिट आली, कोणी कांदा फोडायला धावले, एका पाहुण्याने तर चप्पल हुंगायला आणली. आम्हांला एवढेच सुचले की गॅस बंद करावा आणि त्यांना उघड्यावर न्यावे. गॅलरीची काच सरकवून त्यांना तिथे आडवे केले. थोड्या वेळाने डोळे उघडले, पण डोके ठणकत होते, उलटी झाली आणि पायांत जीव नव्हता. दवाखान्यात नळीने ऑक्सिजन दिला. डॉक्टर म्हणाले, हा कार्बन मोनॉक्साइड. आणखी पाच-दहा मिनिटे दार बंद राहिले असते, तर आम्हांला आणायची गरज पडली नसती.

संध्याकाळी त्या घरी आल्या. जेवताना भाची हळूच म्हणाली, “मामा, आत्यांच्या नंतर मी बाळाला घेऊन जाणार होते.” बाळ दहा महिन्यांचे. घास पुढे गेला नाही.

रात्री झोप लागेना. पाइप तर बाहेर काढलेला होता, मग विषारी हवा आत राहिली कशी? सकाळी आम्ही एक साधी गोष्ट केली. गॅसचा वास कुठे येत नाही याची खात्री करून घेतली, गिझर बंद ठेवला आणि देवघरातली उदबत्ती पेटवून पाइपच्या आतल्या तोंडाशी धरली. खिडक्या बंद, पंखा बंद : धूर जागच्या जागी घोटाळत राहिला. मग भाचीला स्वयंपाकघरातला पंखा लावायला सांगितला. धुराची रेघ सरळ आमच्या तोंडावर आली! पाइपमधून हवा बाहेर जाण्याऐवजी बाहेरची हवा आत येत होती. पंखा तसाच ठेवून गॅलरीची काच वीतभर उघडली, तर आत येणारा झोत तिथेच मोडला आणि धूर वर चढू लागला. जावईबापूंनी स्वतः तीनदा करून पाहिले. तीनही वेळा तेच.

आता याचे कारण आपण कारखान्याच्या भाषेत पाहू, म्हणजे सोपे जाईल. आपल्या बॉयलरला दोन प्रकारचे पंखे असतात. एक जाळीखालून हवा आत ढकलतो, दुसरा जळलेली हवा ओढून धुराड्याकडे नेतो. ओढणाऱ्याचा जोर ढकलणाऱ्यापेक्षा थोडा जास्त ठेवतात, त्यामुळे भट्टीतला दाब बाहेरच्यापेक्षा किंचित कमी राहतो. म्हणून भट्टीचे दार उघडले तरी ज्वाळा फायरमनच्या अंगावर येत नाही, बाहेरचीच हवा आत जाते. हा फरक पाण्याच्या उंचीवर, मिलिमीटरमध्ये मोजतात. ओढणारा पंखा अचानक बंद पडला की काय होते ते बॉयलरवरच्या कामगारांना विचारावे.

ज्यांच्या घरी गुऱ्हाळ होते त्यांना हे न सांगताही कळेल. चुलवाण पेटवताना धुराडे थंड असेल तर पहिला धूर माघारी जळव्याच्या तोंडावर येतो. धुराडे तापले की ओढा धरते. मग चिपाड टाकावे तसे ते गिळत जाते.

विरारच्या त्या घरात भट्टी कोणती आणि धुराडे कोणते? पंखा लावल्यावर सगळे घरच भट्टीसारखे कमी दाबाचे झाले. पंखा हवा बाहेर फेकतो, म्हणजे तेवढीच हवा कुठून तरी आत आली पाहिजे. ती आकाशातून पडत नाही. सगळ्या काचा बंद, दाराला खाली रबर लावलेले. उघडे भोक घरात एकच उरले होते, ते म्हणजे गिझरचा पाइप. म्हणून पंखा हवा त्या पाइपातूनच ओढत होता. तीन फुटांच्या पाइपाचा स्वतःचा ओढा गिझर चालू असतानाही पाण्याच्या पाव ते अर्ध्या मिलिमीटरइतकाच असतो. चांगला पंखा बंद घरात त्यावर सहज मात करतो. गिझरची जळकी हवा बाहेर न जाता न्हाणीघरात साठत गेली आणि तीच पुन्हा ज्योतीला मिळत गेली.

आता ज्योतीचे पाहा. एक किलो गॅस पुरता जळायला सुमारे साडेबारा घनमीटर हवा लागते. मिनिटाला सहा लिटर पाणी तापवणारा गिझर ताशी किलोभर गॅस खातो. म्हणजे दहा मिनिटांच्या आंघोळीला सुमारे दोन घनमीटर, आपल्या मापाने सत्तर घनफूट हवा. न्हाणीघर चार बाय सहा, उंची आठ फूट धरली तर आत हवा १९२ घनफूट. बाहेरून भर नसेल तर दहा मिनिटांत एक तृतीयांशाहून जास्त हवेचा कस निघून गेला. त्या दिवशी ही तिसरी आंघोळ होती. कस कमी झाला की गॅस नीट जळत नाही आणि कार्बन मोनॉक्साइड तयार होतो. त्याला वास नाही, रंग नाही, डोळ्यांची आग नाही. रक्तातला जो भाग प्राणवायू वाहून नेतो, त्याला हा वायू प्राणवायूपेक्षा दोनशे पटींहून अधिक घट्ट चिकटतो. माणूस गुदमरतो, पण गुदमरल्याचे त्याला कळत नाही. डोके जड होते, पाय गळतात आणि कडीपर्यंत हात पोचत नाही.

दाब-दाब म्हणतो तो किती, हेही एकदा पाहिलेले बरे. आपल्या सभोवतीची हवा दर चौरस सेंटिमीटरवर सुमारे एक किलोचा भार टाकते. तीन बाय सात फुटांच्या दारावर हा भार होतो सुमारे वीस टन. भरलेल्या दोन ट्रॉल्यांचा ऊस जणू! दार मोडत नाही, कारण पलीकडूनही तेवढाच भार असतो. घरातला वारा चालतो तो या दोन बाजूंमधल्या अगदी बारीक फरकावर. एक दशांश मिलिमीटर पाणी इतका फरक असेल, तर त्या दारावर जादा भार दोनशे ग्रॅमचा, म्हणजे पावशेरही नाही. पण तेवढ्यानेही हवा हलते. त्यामुळे घरातली हवा सुधारायला मोठे यंत्र लागत नाही. फरक कुठे आहे आणि त्याला वाट कुठे आहे एवढेच बघायचे.

फरक पडतो तीन कारणांनी. वाऱ्याने, उष्णतेने आणि पंख्याने. ताशी दहा किलोमीटर वेगाचा साधा वारा भिंतीवर सुमारे अर्धा मिलिमीटर पाण्याइतका दाब देतो, आणि मागच्या भिंतीवर उलट ओढ पडते. दहा फूट उंचीच्या घरात आतबाहेर दहा अंशांचा फरक असेल, तर उष्णतेचा ओढा जेमतेम एक दशांश मिलिमीटर. म्हणजे बसक्या घराला वाऱ्याचाच आधार मोठा. वारा पडला की मात्र उष्णतेशिवाय दुसरे कोणी नाही, आणि तिला वर वाट लागते.

वास्तुशांतीच्या तिसऱ्या दिवशी परतीच्या गाडीला वेळ होता, म्हणून जावईबापू आम्हांला आगाशीच्या बाजूला त्यांच्या ओळखीच्या एका वाडीत घेऊन गेले. वसईचा हा पट्टा पाहण्यासारखा आहे. केळी, पानवेली, फुले, मध्येच बावखल. बावखल म्हणजे पावसाचे पाणी साठवणारे वाडीतले तळे. इंग्रजी अमदानीतल्या ठाणे जिल्ह्याच्या गॅझेटियरात वसईच्या केळींबरोबर उसाचाही उल्लेख सापडतो. आमच्यासारख्या माणसाला तेवढे वाचूनही बरे वाटते. आता २०१४ पासून तो पालघर जिल्हा झाला, २००९ मध्ये वसई-विरारची महानगरपालिका झाली आणि स्टेशनच्या दोन्ही अंगांना उसापेक्षा दाट इमारती उगवल्या. पण समुद्राकडे सरकत गेले की जुनी घरे अजून आहेत.

त्या घराचे जोते कमरेइतके उंच होते. पुढे पडवी, पश्चिमेला तोंड, वर मंगळुरी कौले. पुढचे दार आणि मागचे दार एका रेषेत, मध्ये माजघराचे दारही त्याच रेषेत. आढ्याखालच्या त्रिकोणी भिंतीत लाकडी जाळी. चुलीच्या खोलीवर दोन-तीन कौले उचलून ठेवलेली. दुपारी दोनचा सुमार, घामाच्या धारा लागलेल्या, पण आत पाऊल टाकले आणि मानेवर वारा लागला. पंखा फिरत नव्हता. विजेचे भारनियमन नव्हते, लावलाच नव्हता.

घरचे आजोबा ऐंशीच्या पुढचे. आम्ही विचारले, “आजोबा, हे मुद्दाम असे बांधलेय का?” ते म्हणाले, “मुद्दाम म्हणजे काय? मागचं दार लावलं तर पुढून वारा येत नाय. हे घर बांधणाऱ्याला ठाऊक नको?” मग त्यांनी उठून मागचे दार लावून दाखवले. मानेवरचा वारा तिथल्या तिथे थांबला. उघडले, पुन्हा सुरू. आमच्या उदबत्तीपेक्षा हे प्रात्यक्षिक सरस होते.

शाळेत आपण खारे वारे आणि मतलई वारे शिकलो. दिवसा जमीन लवकर तापते, वरची हवा हलकी होते आणि समुद्रावरची हवा जमिनीकडे येते, ते खारे वारे. रात्री जमीन लवकर निवते आणि हवा उलट समुद्राकडे जाते, ते मतलई. वसईची जुनी घरे या दोन्हींना धरून आहेत. दुपारी पश्चिमेची पडवी वारा घेते, पहाटे मागचे दार. शहरातल्या सदनिकेला ही सोय नाही. एका मजल्यावर चार-सहा बिऱ्हाडे, प्रत्येकाला बाहेरची भिंत एक किंवा दोन. एकाच भिंतीला खिडकी असेल तर हवा यायची तीच वाट आणि जायचीही तीच. मुख्य दाराला जाळीचे दुसरे दार लावून ते दिवसा उघडे ठेवणे एवढाच उपाय उरतो. जुन्या चाळींत दोन्हीकडे खिडक्या आणि मध्ये उघडा व्हरांडा असे, हे उगाच नव्हते. १८९६ साली मुंबईत प्लेग आला आणि १८९८ मध्ये शहर सुधारण्यासाठी न्यास नेमला गेला. घराला उजेड आणि हवा मिळाली पाहिजे हा त्यामागचा एक हेतू होता. बंद खोलीत क्षय पसरतो हेही आपल्याला ठाऊक आहे, आणि २०२० व २१ च्या महामारीत तर खिडकी उघडी ठेवा म्हणून सरकारच सांगत होते. तरी आपण काचा लावून घेतोच.

आता आपल्या गटाकडे येऊ. इथे समुद्र नाही, पण चूक तीच.

जुने धाब्याचे घर अंधारे असे हे खरे. चुलीचा धूर असे हेही खरे. त्या घरांचे गोडवे गाणारांपैकी आम्ही नाही. आमच्या आईचे डोळे चुलीपुढेच गेले. पण त्या घराला वर साणे होते. धूर आणि उष्मा वरून निघून जाई. कोणी नवे घर बांधले की त्यात साणेही नाही आणि आढेही नाही. दहा फुटांवर सपाट स्लॅब, त्याखाली हौसेने प्लास्टरची नक्षीची छत, म्हणजे उंची नऊ फूट. झरोके काढून टाकलेले, कारण ते जुनाट दिसतात. खिडक्या सरकत्या काचेच्या. सरकत्या खिडकीची गंमत अशी की एक काच दुसरीमागे जाते, म्हणून खिडकी कितीही मोठी केली तरी उघडते निम्मीच. राष्ट्रीय इमारत संहितेत दमट-उष्ण प्रदेशासाठी खिडक्यांची उघडी जागा खोलीच्या फरशीच्या एक षष्ठांश आणि कोरड्या-उष्ण प्रदेशासाठी एक दशांश सांगितली आहे. दहा बाय बाराच्या खोलीला कोकणात वीस चौरस फूट, आपल्याकडे बारा. आपण चार बाय तीनची सरकती खिडकी बसवतो आणि बारा झाले म्हणतो. प्रत्यक्षात सहाच. त्यात डासांची जाळी धुळीने भरलेली असली, तर त्या सहाचेही पुरते सहा राहत नाहीत.

वास्तू पाहणाऱ्याला बोलावून दार दोन फूट सरकवणारे सभासद आम्हांला माहीत आहेत. त्यांनी खर्च करावा, आमचे काही म्हणणे नाही. पण उन्हाळ्यात संध्याकाळी आपल्या माळावर वारा कोणत्या अंगाने येतो हे गवंड्यालाही विचारावे. ज्या भिंतीवर वारा येतो तिथे एक खिडकी आणि समोरच्या भिंतीवर तेवढीच किंवा थोडी मोठी दुसरी. आणि स्लॅबच्या अगदी खाली, दोन्ही बाजूंना, फूट-दीड फुटाचे झरोके. त्यांना पावसाचा छज्जा आणि चिमण्यांसाठी जाळी. घर बांधतानाच ठेवले तर खर्च नगण्य, मागाहून भिंत फोडायची तर गवंडी दोन दिवस खातो.

कूलरचा घोटाळा घरोघरी पाहायला मिळतो. कूलर खोलीत हवा ढकलतो. ती बाहेर जायला वाट नसेल तर खोलीत दाब वाढतो, नवी हवा येईनाशी होते आणि तीच ओली हवा फिरत राहते. अंग चिकचिकते, गादी दमट होते आणि लोक म्हणतात कूलर बिघडला. समोरची खिडकी हातभर उघडा, कूलर नीट चालेल. (विरारच्या दमट हवेत कूलर कसाही लावला तरी व्यर्थच. जावईबापूंनी घेतलेला आम्ही कोपऱ्यात कपडे वाळत घालायला वापरलेला पाहिला.) छताचा पंखा हवा बदलत नाही, आहे तीच ढवळतो. रात्री पाच माणसे एका खोलीत दार-खिडकी लावून पंख्याखाली झोपतात आणि सकाळी डोके जड का, म्हणून विचारतात.

आता न्हाणीघर. पूर्वी बंब असे, अजून पुष्कळांकडे आहे. बंबाला स्वतःचे धुराडे असते, पण ते छपराबाहेर काढले तरच त्याचा उपयोग. फरशी लावलेल्या नव्या न्हाणीघरात बंब तसाच ठेवून वर झरोकाही न ठेवलेली दोन घरे आम्ही या हंगामात पाहिली. कोळसा-लाकडाच्या निखाऱ्यातूनही तोच वायू निघतो. थंडीत बाळंतिणीच्या खोलीत शेगडी ठेवून दार लावून घेण्याची चाल तर ताबडतोब सोडावी. शेक द्यायचा तो द्या, पण खिडकी उघडी ठेवून, आणि झोपण्याआधी शेगडी अंगणात.

गॅस गिझर ज्यांच्याकडे असेल त्यांनी तो न्हाणीघराबाहेर, मोकळ्या हवेत, छपराखाली बसवून गरम पाणी तेवढे नळाने आत आणावे. ते होईपर्यंत बादली भरताना दार उघडे ठेवावे, गिझर बंद करावा आणि मगच कडी लावावी. झरोका कोणत्याही कारणाने बुजवू नये. गरगरल्यासारखे वाटले तर लाज न धरता बाहेर यावे. आत कोणी पडलेले दिसले तर आधी दार-खिडक्या सताड उघडाव्यात, गॅस बंद करावा, माणूस उघड्यावर आणावा आणि सरळ दवाखाना गाठावा. कांदा आणि चप्पल यांत जाणारा वेळ त्या माणसाचा असतो.

उज्ज्वला योजना १ मे २०१६ रोजी सुरू झाली आणि पुष्कळ घरांत सिलिंडर आला. तरी भाकरी चुलीवरच होते, अंघोळीचे पाणीही चुलीवर तापते. सिलिंडरचा दर आणि रानातले फुकटचे जळण यांचा हिशेब आम्हांलाही कळतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाप्रमाणे घरातल्या धुराने २०२० या एका वर्षात जगभर सुमारे ३२ लाख माणसे दगावली. त्यांत बायका आणि लहान मुले पुष्कळ. चूल ठेवायचीच तर तिच्या बरोबर वर धुराडे काढा. ते छपरापेक्षा दोन-तीन हात उंच न्या. धुराडे जितके उंच आणि जितके तापलेले, तितका ओढा जास्त. आणि चुलीच्या खोलीत खालच्या अंगाला हवा यायला भोक ठेवा. वरून जायला वाट आहे पण खालून यायला नाही, तर धुराडे ओढणार काय? गॅसच्या शेगडीच्या खोलीतही जमिनीलगत एक झरोका हवाच, कारण सिलिंडरचा गॅस हवेपेक्षा जड असतो, गळला तर तळाशी बसतो.

ऊसतोड मजुरांच्या कोप्यांविषयी दोन शब्द. कोपीला एकच तोंड, आत चूल, तान्ही मुले तिथेच. चूल तोंडाबाहेर वाऱ्याच्या आडोशाला मांडायला जागा करून देणे हे टोळी ज्याच्या रानात उतरते त्या सभासदाला अवघड नाही. चार पत्रे आणि सहा बांबू एवढेच त्याला लागते.

आणखी एक गोष्ट खास आपल्या धंद्याची. पुष्कळांच्या घरी औषधांची खोली ही झोपायच्या खोलीला लागून असते. तणनाशक, कीटकनाशक, अर्धवट उघडलेल्या बाटल्या, फवारणीचा पंप, सगळे तिथेच. दाराखाली बोटभर फट. आता स्वयंपाकघरात धूर ओढणारा पंखा लावला, बाकी खिडक्या बंद, की पंखा हवा ओढणार त्या फटीतूनच. रात्रभर लेकरे काय हुंगतात ते पाहा. आमच्या एका गटातल्या आबांना हे सांगितले तर म्हणाले, “साहेब, वास तर रोज येतोय, पण म्हणलं औषध भारी आहे.” औषधे घराबाहेर, कुलपात, वेगळ्या छपरात ठेवावीत. आबांनी दुसऱ्याच दिवशी हलवली, हे त्यांच्या नावे जमा.

विरारच्या घरचे सांगायचे राहिले. गिझर काढून ठेवला, सध्या पाणी विजेवर तापते. चिकटपट्टी काढून पट्ट्यांना बाहेरून कबुतरांची जाळी लावली. स्वयंपाकघराचा पंखा लावायचा तर आधी गॅलरीची काच वीतभर सरकवायची, असे भाचीने बटणाशेजारी कागदावर लिहून चिकटवले आहे. विहीणबाई बऱ्या आहेत, मात्र अजून न्हाणीघराला आतून कडी लावत नाहीत.

सभासदांपैकी ज्यांना आपल्या घरची परीक्षा करून पाहायची असेल त्यांनी आधी गॅसचा वास नाही याची खात्री करावी, चूल-गिझर बंद ठेवावेत, रोज रात्री जेवढ्या बंद करतो तेवढ्याच खिडक्या बंद कराव्यात, पंखे लावावेत आणि उदबत्ती घेऊन प्रत्येक दाराच्या फटीशी, झरोक्याशी, पाइपाच्या तोंडाशी दोन-दोन मिनिटे उभे राहावे. धूर कुठून कुठे जातो ते कागदावर बाणाने मांडावे. तो कागद घेऊन बाजारच्या दिवशी दुपारी गट कार्यालयात यावे. नव्या घराचा नकाशा असेल तर तोही आणावा, जोते भरण्यापूर्वी आणला तर उत्तम. लागणीच्या नोंदी आटोपल्या की आम्ही तिथेच असतो.